दार उघडू नका, बाई

आमच्या आत्याला घाई करायला लावणारा माणूस अजून जन्माला यायचाय. कुणी धापा टाकत आला, "ताई, चला लवकर, दार ओढलं गेलं, किल्ली आत," म्हणाला, की ती हातातली कानस खाली ठेवते, स्टूल पुढे सरकवते आणि म्हणते, "बसा."

"अहो बसा काय, गॅसवर दूध आहे."

"गॅसवर दूध ठेवून तुम्ही बाहेर काय करत होतात?"

हे ती भांडायला विचारत नाही. खरंच विचारते. खऱ्या घरमालकाकडे उत्तर असतं, मग ते कितीही वेडगळ असो. कचरा टाकायला गेलो, मांजर पळालं, शेजारणीशी बोलत होतो आणि वाऱ्याने दार लागलं. खोट्या माणसाला राग येतो. आत्या म्हणते, सतरा वर्षांत मी रागावरून जितकी माणसं ओळखली तितकी ओळखपत्रावरून ओळखली नाहीत.

उत्तर पटलं तरी ती कुलपाला लगेच हात लावत नाही. आधी शेजारचं दार वाजवते. एकदा एक गृहस्थ आले. कडक इस्त्रीचा शर्ट, हातात फुलांचा गुच्छ, आवाजात मध. "बायकोला सरप्राइज द्यायचंय हो." आत्या गेली आणि शेजारचं दार वाजवलं. आतून एक आजी आल्या. त्यांनी गृहस्थांना वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाल्या, "हे होय. नवराच आहेत. पण मागच्या वर्षीपर्यंत." आत्या पिशवी उचलून खाली आली. गुच्छ आजींनी ठेवून घेतला.

तिचं दुकान एका इमारतीच्या जिन्याखाली आहे. वर कुणी जिना चढलं की किल्ल्यांच्या माळा किणकिणतात. निम्मा गाळा आत्याचा, निम्मा घड्याळवाल्या काकांचा. काकांच्या एका डोळ्यात कायम भिंग, त्यामुळे ते रागावलेत की हसतायत ते दुसऱ्या डोळ्यावरून ठरवावं लागतं. शाळा सुटली की मी तिथेच असते. घरी कुणी नसतं आणि दुकानात अख्खं गाव येऊन बोलून जातं. मला लोकांचे आवाज काढता येतात, तर हा सगळा माल मला तिथे फुकट मिळतो.

दुकानाच्या पाटीवर आत्याचा फोन नंबर आहे आणि त्याखाली दोन वर्षांपूर्वी तिने स्वतः रंगवलेली ओळ: 'किल्लीचा फोटो पाठवा, येईपर्यंत तयार.' या ओळीवर गिऱ्हाईक खूश होतं. लोक ऑफिसातून फोटो पाठवायचे, आत्या मापाची कोरी किल्ली निवडून खाचा कापून ठेवायची आणि ते मूळ किल्ली घेऊन आले की जुळवून शेवटचा हात मारायची. दहा मिनिटांचं काम दोन मिनिटांत. काका सोडून सगळ्यांना ही कल्पना आवडली होती. काका म्हणायचे, "ताई, घड्याळाचा फोटो पाठवून वेळ दुरुस्त होते का?" याला काही अर्थ नव्हता, पण ते रोज म्हणायचे.

त्या दिवशी साडेतीनला अनोळखी नंबरावरून एका किल्लीचे दोन फोटो आले, दोन्ही बाजूंचे. खाली मेसेज. आत्या यंत्रावर होती म्हणून मी वाचून दाखवला. 'काकू, आईच्या घराची किल्ली आहे. आई अचानक हॉस्पिटलमध्ये आहे, तिचे कपडे, औषधं काढायची आहेत. सातच्या आत हवी. मला येता येणार नाही, माणूस पाठवतो. पैसे दुप्पट घ्या पण प्लीज नाही म्हणू नका.'

यंत्र थांबलं. "मूळ किल्ली तो माणूस आणणार का, विचार."

मी विचारलं. उत्तर तिथल्या तिथे आलं. 'काकू फोटो क्लिअर आहे ना, त्यावरूनच करा ना, आईचा जीव महत्त्वाचा की किल्ली?'

"आईचा जीव," आत्या म्हणाली. "किल्ली घरात जायला पाहिजे आणि जीव हॉस्पिटलमध्ये. आण इकडे."

तिने फोन हातात घेतला, डोळ्यांजवळ नेला, लांब धरला. मग काकांचं भिंग मागितलं. भिंगातून नुसते रंगीत ठिपके दिसले. काका म्हणाले, "अहो ताई, दोन बोटांनी मोठं करा, माझा नातू सुद्धा करतो." तिने मोठं केलं आणि किल्लीच्या डोक्यावर बोट टेकवलं.

"या खुणा माझ्या आहेत," ती म्हणाली.

किल्लीच्या डोक्यावर, जिथे आपण बोटांनी धरतो तिथे, कडेला तीन बारीक खाचा होत्या. मधली जरा तिरकी. त्या आत्यानेच कानशीने घातलेल्या, कारण ज्यांची ती किल्ली होती त्यांना हल्ली नीट दिसत नाही. तीन खाचा म्हणजे घराचं दार, दोन म्हणजे कपाट, एक म्हणजे पत्रपेटी. बोटाने चाचपायचं आणि लावायचं. अशी किल्ली अख्ख्या गावात एकच होती, आणि ती होती गणिताच्या बाईंची.

बाईंनी आत्याला शिकवलं, माझ्या बाबांना शिकवलं आणि निवृत्त होता होता एक वर्ष मलाही. एकट्या राहतात. सकाळीच दुकानात आल्या होत्या, प्रवासाच्या बॅगेच्या कुलपाला किल्ली करून घ्यायला. संध्याकाळी सहाला गाडी येणार होती. लेकीकडे निघाल्या होत्या, तीन आठवड्यांसाठी. लेकीचे दिवस भरत आले होते, आणि बाई कितीतरी वर्षांत कुठे गेल्या नव्हत्या.

"म्हणजे बाई सकाळी धडधाकट होत्या," मी म्हटलं.

"आणि त्यांना मुलगी आहे. हा मुलगा कुठून आला?"

"मग नको करायला किल्ली. नाही म्हणून टाकू."

"आपण नाही म्हटलं की तो पुढच्या चौकात जाईल. तिथल्या दादांना या खुणा कुठे माहीत. ते बिचारे करून देतील. आज सहानंतर घर तीन आठवडे रिकामं." तिने बाईंना फोन लावला.

"बाई, मी किल्लीवाली बोलतेय. तुमच्या दाराच्या—"

पलीकडून तो आवाज आला, ज्याने पन्नास पोरांच्या पाठी एका दमात ताठ व्हायच्या. "ओळखलं. आत्याचा आवाज काढायची तुझी खोड गेली नाही अजून?"

आत्याने माझ्याकडे पाहिलं. मी किल्ल्यांच्या माळेकडे पाहिलं. मागच्या वर्षी मी एकदा, एकदाच, आत्याच्या आवाजात बाईंना फोन करून 'कपाटाची किल्ली झालीय, घेऊन जा' म्हटलं होतं, आणि बाई उन्हातून चालत आल्या होत्या. आपलेच दात आणि आपलेच ओठ, असं आत्या तेव्हा म्हणाली होती. आणखीही बरंच म्हणाली होती.

"बाई, मीच आहे. खरंच मीच."

"तेव्हाही हेच म्हणाली होतीस. आणि मला आधीच सांगून ठेवलंय, आज किल्लीवाल्याच्या नावाने फोन येईल म्हणून. बरोबर? बरोबर." फोन बंद. पुन्हा लावला तर उचललाच नाही.

आत्याला राग आला असेल असं मला वाटलं. ती तर हसत होती. "छान शिकवलंय कुणीतरी," म्हणाली. "कुणी शिकवलं तेवढं बघू." तिने फळीवरून एक नवं कुलूप काढलं, स्क्रू ड्रायव्हर, कानस, ड्रिल पिशवीत टाकलं. काका म्हणाले, "दुकान बघतो, जा." आम्ही निघालो. मी पळत होते, आत्या चालत होती, आणि आम्ही बरोबरीने पोचलो, हे तिच्या चालण्याचं वैशिष्ट्य आहे.

बाईंचं घर तिसऱ्या मजल्यावर. दार उघडलं ते साखळीएवढंच. फटीतून चष्म्याची एक काच आणि मागे भरून ठेवलेली बॅग दिसली.

"बाई, आता तरी मीच आहे ना?" आत्या म्हणाली.

"तू आहेस हे दिसतंय. का आली आहेस ते दिसत नाही."

"किल्लीचा फोटो कुणाला पाठवलात?"

चष्म्याची काच मागे सरकली. "हे तुला कसं कळलं? फोटोचं मला माहीत आणि कंपनीला माहीत. तुला कळलं म्हणजे एकतर कंपनीने सांगितलं, नाहीतर तू त्यांच्यातली. कंपनी तुला कशाला सांगेल? बरोबर?"

"आणि ते काय म्हणाले, कुलूप बदला म्हणणारा येईल?"

"ओळखीचाच येईल, म्हणाले. तेच चोर असतात."

मी आत्याच्या हाताला चिमटा काढला. साडेचार वाजत आले होते. मोबाइल दाखव, मेसेज दाखव, ओरड, काहीतरी कर. तिने माझा हात बाजूला केला.

"बरोबर आहे तुमचं," ती म्हणाली. "दार उघडू नका, बाई. माझ्यावर विश्वास ठेवू नका. कुलूप घेतलं तेव्हा खोक्यात गॅरंटीचं कार्ड होतं, ते तुम्ही फेकलं नसणार."

"मी काहीच फेकत नाही."

"त्यावर कंपनीचा नंबर छापलेला आहे. त्या माणसाने दिलेल्या नंबरावर नाही, मी देईन त्यावरही नाही. त्या कार्डावरच्या नंबरावर फोन करा आणि विचारा, तुम्ही गिऱ्हाइकाकडून किल्लीचा फोटो मागवता का. आम्ही इथे बसतो."

दार लागलं. आत्या जिन्याच्या पायरीवर बसली आणि पिशवीतून कानस काढून नव्या कुलपाची पट्टी घासायला लागली, जणू दिवसभर तिला तिथेच बसायचं होतं. आतून फोनची ती वाट पाहायला लावणारी धून ऐकू येत होती. तीच धून, पुन्हा पुन्हा, इतकी की शेवटी ती मला पाठ झाली. मग बाईंचा आवाज. "हो... नाही, असं नाही, पुन्हा सांगा. सावकाश, मी लिहून घेतेय... म्हणजे कधीच नाही? कोणत्याही कारणासाठी नाही? तुमचं नाव काय?"

मग साखळी काढल्याचा आवाज.

बाईंच्या हातात वहीचा कागद होता. "आम्ही असं कधीच मागत नाही, म्हणाले. मी तीनदा विचारलं." त्या खुर्चीवर बसल्या. शिक्षा झालेल्या मुलासारख्या बसल्या, आणि हे बघायला मला अजिबात आवडलं नाही.

मग त्यांनी सगळं सांगितलं. दुपारी फोन आला, कुलूप कंपनीतून. तुमच्या मॉडेलमध्ये दोष निघालाय, तुम्ही प्रवासाला जाताय तर आधी तपासून घेऊ. बाईंनी त्याला तिथेच ऐकवलं की मी कोड सांगत नाही, लिंक उघडत नाही, बँकेबद्दल एक अक्षर बोलत नाही. तो म्हणाला, वा, तुमच्यासारखी सावध माणसं फार कमी, आम्हाला यातलं काहीच नको. फक्त किल्लीवर छापलेला नंबर दिसेल असा फोटो, दोन्ही बाजूंनी. "आणि मी पाठवला. स्वच्छ उजेडात, खाली पांढरा कागद ठेवून."

"प्रवासाचं त्याला कसं कळलं?" मी विचारलं.

"इमारतीच्या ग्रुपवर मीच लिहिलं होतं. तीन आठवडे नाही, झाडांना पाणी घाला." त्या ग्रुपवर नेमकं कोण कोण आहे ते सेक्रेटरीलाही सांगता आलं नसतं.

"तुमचा अभ्यास पक्का होता, बाई," आत्या म्हणाली. "त्याने अभ्यासक्रमाबाहेरचं विचारलं. आणि फोटो पाठवायची सवय लावली कुणी? माझ्या पाटीने. दोन वर्षं मीच अख्ख्या गावाला शिकवतेय की किल्लीचा फोटो कुणालाही पाठवायला हरकत नाही."

बाईंनी चष्मा पुसला. "मी जात नाही. लेकीला कळवते. घर असं टाकून कशी जाऊ?"

"गाडी किती वाजता?"

"सहाला."

"मग अजून तासभर आहे. जुनं कुलूप निघायला दहा मिनिटं, नवं बसायला वीस. तुम्ही बॅगेत काय राहिलंय ते बघा."

जुन्या कुलपाचे तीन स्क्रू सुटले, चौथ्याचं डोकं झिजलेलं. आत्या त्याच्याशी हळू आवाजात बोलत राहिली, जसं हट्टी मुलाशी बोलतात, आणि तो निघाला. नव्या कुलपाची जीभ चौकटीतल्या भोकापेक्षा सूतभर वर येत होती. तिने चौकटीवरची पट्टी काढली, खिडकीशी नेऊन घासली, लावली, पुन्हा काढली, पुन्हा घासली. मी टॉर्च धरला होता. बाई दर दोन मिनिटांनी येऊन घड्याळ बघत नव्हत्या असं दाखवत होत्या. शेवटी दार 'टक' असं लागलं, आणि आत्याने नव्या किल्लीच्या डोक्यावर चार खाचा घातल्या. "तीनवालीचा फोटो फिरतोय. चारवाली तुमची."

इतक्यात बाईंचा फोन वाजला. बाईंनी नंबर पाहिला आणि स्पीकर लावला.

"नमस्कार बाई. कंपनीतून बोलतोय. निघालात ना वेळेवर? म्हटलं विचारावं, काळजी वाटते हो."

छान आवाज होता, खोटं कशाला बोलू. खालच्या पट्टीतला, गुळगुळीत, प्रत्येक वाक्याच्या शेवटी थोडं थांबणारा. कागदावरून वाचणारी माणसं ओळ संपली की असंच थांबतात. माझ्या जिभेवर बाईंचा आवाज तयार होता. 'निघाले बाळा, आता स्टेशनवर आहे.' आत्याने नुसतं पाहिलं. मी तोंड मिटलं.

बाई उभ्या राहिल्या. फळ्यासमोर राहायच्या तशा.

"माझ्या कुलपाचा मॉडेल नंबर सांगा."

"मॅडम, तो सिस्टीममध्ये..." बाईंची मॅडम झाली होती.

"फोटोत आहे. मी पांढऱ्या कागदावर ठेवून काढलाय. वाचा."

"मॅडम, आमची सिस्टीम जरा स्लो..."

"मी तुमच्या कार्यालयात फोन केला होता. तिथे तुम्हाला कुणी ओळखत नाही. कुलूप बदललंय. तुमचा नंबर आणि फोनची वेळ लिहून ठेवलीय, ती पोलीस चौकीत जाईल. आणखी काही विचारायचंय?"

पलीकडे कुणीतरी मागून म्हणालं, "ठेव, ठेव." फोन ठेवला गेला.

"मागचा आवाज वेगळा होता," मी म्हटलं. "दोघं आहेत."

"तेही लिही," बाई म्हणाल्या, आणि कागद माझ्या हातात दिला.

सहाला पाच कमी असताना गाडी आली. बाईंनी दार ओढलं, दोनदा ढकलून पाहिलं आणि जिना उतरताना मागे वळल्या नाहीत. जाताना आत्याला एवढंच म्हणाल्या, "फोनवर तुझं ऐकलं नाही, त्याबद्दल मी माफी मागणार नाही."

"मागूच नका," आत्या म्हणाली.

परतताना आम्ही चौकीत मेसेज, फोटो, नंबर आणि बाईंचा कागद देऊन आलो. तिथून पुढच्या चौकातल्या किल्लीवाल्या दादांकडे गेलो. तिथे वरातीमागून घोडं झालं होतं. ते म्हणाले, "तासापूर्वीच दिली की. पोरगा घेऊन गेला. आई हॉस्पिटलमध्ये होती बिचाऱ्याची." आत्याने त्यांना सगळं सांगितलं. दादांनी कपाळाला हात लावला आणि त्या माणसाचं जेवढं आठवत होतं तेवढं चौकीत सांगायला लगेच उठले.

दुसऱ्या दिवशी आत्याने पाटीवरची ओळ खरवडून काढली आणि सगळ्या गिऱ्हाइकांना मेसेज पाठवला: किल्लीचे फोटो यापुढे घेणार नाही, ज्याला त्याला पाठवलेले असतील ते पुसा, किल्ली हातात घेऊन या. झालं. फोन सुरू. दातांच्या दवाखान्यातली मुलगी, बेकरीवाला, दोन वकील. "ताई, तुमच्या नावाने कसला तरी मेसेज फिरतोय, खरा आहे का?" दोन दिवस आत्याला यंत्र चालवता आलं नाही. काका म्हणाले, "हात दाखवून अवलक्षण." आत्या म्हणाली, "ज्यांनी विचारलं त्यांची काळजी नाही. ज्यांनी नाही विचारलं त्यांची नावं काढ." आणि त्या सगळ्यांना तिने स्वतः फोन केले. त्यातल्या एकाने तिलाच विचारलं, कशावरून तुम्ही? ती दिवसभर खुशीत होती.

बाई तीन आठवड्यांनी परतल्या. पोचल्याबरोबर फोन आला. "किल्ली आत जात नाही. ये."

आम्ही गेलो. बाई बॅगेवर बसल्या होत्या, मांडीवर पर्स, चेहरा शांत. शेजारणी सांगत होत्या की बाई गेल्या त्याच्या तिसऱ्या दिवशी दुपारी एक जण दाराशी बराच वेळ खटपट करत होता. त्यांनी 'कोण पाहिजे?' विचारलं तर अंगावर ओरडून निघून गेला. आत्याने कुलपात टॉर्च मारला, पातळ पट्टी सरकवली, हलकेच ओढली. एक तुकडा बाहेर आला, नखाएवढा. त्या माणसाने फोटोवरून करून घेतलेली किल्ली नव्या कुलपात जोर लावून फिरवली होती आणि ती आतच मोडली होती.

आत्याने तुकडा उजेडात धरला. "काम मात्र नीट केलंय दादांनी," म्हणाली, आणि चौकीत द्यायला कागदात गुंडाळला.

बाईंनी किल्ली लावली. दार उघडलं. त्या एकट्याच आत गेल्या, आम्ही उंबऱ्याशी थांबलो. एकेका खोलीत दिवा लागत गेला, कपाट उघडल्याचा आवाज आला, मिटल्याचा आला. मग स्वयंपाकघरातून त्यांची हाक आली.

"सगळं आहे. एक कुंडी वाळलीय. आत या, नातीचा फोटो दाखवते."